घायपातीच्या गावात: टकिलाचं शेत आणि भट्टी बघायला पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी

टकिला म्हणजे मीठ, लिंबू आणि डोळे मिटून एका घोटात संपवायची भानगड, एवढंच माझं ज्ञान होतं. डॅलसमधल्या ऑफिसच्या पार्ट्यांनी ते पक्कंच केलं. मग मित्रांबरोबर मेक्सिकोला गेलो आणि एका दिवसात तीन भट्ट्या 'केल्या'. तिसरीतलं काहीच आठवत नाही, पहिलीतलं जेमतेम.

दुसऱ्या खेपेला अण्णा, म्हणजे वडील, बरोबर होते. अण्णा माळकरी, थेंबालाही शिवत नाहीत. पण कोल्हापूरजवळच्या आमच्या गुऱ्हाळावर त्यांनी उभा जन्म काढलाय. "दारूच्या भट्टीवर येणार का?" असं भीतभीतच विचारलं, तर म्हणाले, "बघायला काय पाप लागतंय व्हय?" त्या दिवशी आम्ही एकच भट्टी बघितली, पण शेतापासून बाटलीपर्यंत. तीन भट्ट्यांत मला जे दिसलं नव्हतं ते अण्णांनी एकीत दाखवलं. हा लेख त्या दुसऱ्या खेपेच्या जोरावर लिहितोय, पहिल्या खेपेच्या चुका समोर ठेवून.

१. कुठे जायचं ते आधी ठरवा

दारूचं नाव ज्या गावावरून पडलं त्याला तिथले लोक तेकिला म्हणतात. म्हणून इथे गाव तेकिला आणि दारू टकिला. गाव हालिस्को राज्यात, ग्वादालाहारा शहराच्या वायव्येला साधारण ६०-६५ किलोमीटरवर. मागे त्याच नावाचा थंडावलेला ज्वालामुखी. या पट्ट्यातली शेतं आणि जुन्या भट्ट्या २००६ साली युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेल्या.

दुसरा पट्टा लोस आल्तोस, म्हणजे उंचावरचा भाग. आरांदास, आतोतोनिल्को ही गावं ग्वादालाहाराच्या दुसऱ्या अंगाला, पूर्वेकडे आहेत. माती तांबडीलाल, थेट आपल्या कोकणच्या वाटेवरची आठवण यावी अशी. तिथल्या भट्ट्या उत्तम, पण विखुरलेल्या. पहिल्यांदा जाताय तर तेकिलाच धरा. दोन्ही पट्टे एका दिवसात उरकतो म्हणणाऱ्याच्या नादी लागू नका.

ज्या झाडापासून टकिला होते ते आगावे. आपल्या घायपातीचं सख्खं भावंड. बांधावर, रेल्वेरुळाच्या कडेला काटेरी पात्यांचे गड्डे दिसतात ना, तीच जात. लोक त्याला निवडुंग समजतात, पण ते निवडुंग नाही. टकिलाला मात्र निळा आगावेच लागतो, आणि तोही हालिस्को आणि आणखी चार राज्यांतल्या ठरावीक तालुक्यांमधलाच. १९७४ पासून हे नाव कायद्याने राखीव आहे. २००९ मध्ये गोव्याच्या फेणीला भौगोलिक मानांकन मिळालं, तसलाच प्रकार. म्हणून दख्खनच्या घायपातीपासून आपल्याकडे जी दारू गाळतात, ती कितीही चांगली असली तरी तिला टकिला म्हणता येत नाही.

२. कागदपत्रं

भारतीय पासपोर्टला मेक्सिकोचा व्हिसा लागतो. पण अमेरिका, कॅनडा, ब्रिटन, जपान किंवा शेंगेन देशांचा चालू व्हिसा किंवा तिथला कायम वास्तव्याचा परवाना असेल, तर पर्यटक म्हणून वेगळा काढावा लागत नाही. तिकीट काढायच्या आदल्या दिवशी तरी वकिलातीच्या संकेतस्थळावर हे एकदा तपासा.

अमेरिकेत एच-१बी वर असणाऱ्यांनी एक खाचखळगा लक्षात ठेवावा. पासपोर्टमधल्या व्हिसाच्या शिक्क्याची मुदत संपलेली असेल, तर हातात आय-७९७ मंजुरीचा कागद असला तरी मेक्सिकोत शिरताना तो व्हिसा म्हणून धरत नाहीत. शिक्काच चालू हवा. आणि आईवडिलांना नेत असाल तर त्यांचा अमेरिकेचा व्हिसा अनेक प्रवेशांचा आहे ना ते बघा, नाहीतर जाणं होईल आणि परतणं अडेल.

जवळ ठेवायचं:
- पासपोर्ट, व्हिसाच्या पानाची झेरॉक्स आणि फोनमध्ये फोटो
- परतीचं तिकीट, हॉटेलचा पत्ता
- भट्टीच्या बुकिंगची पावती, छापलेली (शेतात रेंज जाते)
- वयाचा पुरावा. मेक्सिकोत पिण्याचं वय १८
- थोडे पेसो रोख, सुट्टे

३. भट्टी निवडा, एकच

सगळ्यात जास्त गडबड इथेच होते.

मोठी नावं गावातच आहेत. होसे क्वेर्वोची ला रोहेन्या ही सगळ्यात जुन्या भट्ट्यांपैकी एक. या घराण्याला स्पेनच्या राजाचा दारू गाळण्याचा परवाना १७९५ साली मिळाला. साउसाची ला पेर्सेवेरान्सिया १८७३ ची. तेकिलाच्या अलीकडच्या आमातितान गावात एर्रादुराची जुनी हासिएंदा आहे, म्हणजे वाडा, शेती आणि भट्टी एकाच आवारात. अशा ठिकाणी सगळं आखीव असतं आणि इंग्रजी बोलणारा माणूस हमखास मिळतो, पण गर्दीत मागे राहिलात तर ऐकू काही येत नाही. फोर्तालेसासारखी लहान भट्टी हवी असेल तर आधी बुकिंग करा. अजून दगडी चाकाने रस काढतात म्हणून मला ती जास्त आवडते.

बुकिंग करताना चार प्रश्न विचारा. शेतात नेणार का, की नुसता फोटो काढायला रस्त्याकडेला थांबवणार? चालू भट्टी दाखवणार का? फेरी कोणत्या भाषेत? चव घ्यायला काय काय देणार? पहिल्या प्रश्नाचं उत्तर गुळमुळीत आलं तर पुढचे विचारूच नका.

पहिल्या खेपेला आम्ही शहरातल्या एका एजंटाकडून 'तीन भट्ट्या, जेवण, अमर्याद टकिला' असलं काहीतरी घेतलं होतं. त्यातली एक 'भट्टी' म्हणजे हायवेवरचं दुकान निघालं. प्लास्टिकच्या कॅनमधून स्ट्रॉबेरी, कॉफी, बदाम असल्या गोड गोड दारू छोट्या कपांत दिल्या, मग दार अडवून बाटल्या गळ्यात मारल्या. मी दोन घेतल्या. एक अजून कपाटात आहे, पाहुण्यालाही द्यायची हिंमत होत नाही. 'अमर्याद' हा शब्द दिसला की ते सोडून द्या.

४. जायचं कसं

स्वतः गाडी चालवायची नाही. थोडीच घेईन, मग पाणी पिईन, हे चालत नाही. वाटेवर तपासणी असते आणि घाटवळणंही आहेत.

ग्वादालाहाराच्या जुन्या बसस्थानकातून, सेंत्राल व्हिएहामधून, तेकिलाला बस सुटतात. दीड-दोन तास धरा. चौघे असाल तर टॅक्सी परवडते, पण परतीचं आधीच ठरवा, कारण संध्याकाळी गावातून गाडी मिळायला वेळ लागतो. क्वेर्वोची पर्यटक रेल्वेही आहे, मुख्यतः शनिवारी. खिडकीतून निळसर शेतं छान दिसतात, मात्र गाडीतच पाजायला सुरुवात होते आणि भट्टीवर पोचेपर्यंत अर्धा डबा गात असतो. तुम्हाला तेच हवं असेल तर खुशाल जा. आम्ही बसने गेलो, मंगळवारी, सकाळी.

५. अंगावर आणि पिशवीत

बंद बूट घालाच. भट्टीत फरशी ओली असते आणि चप्पल असेल तर काही ठिकाणी आत सोडतच नाहीत. टोपी, पूर्ण बाह्यांचा सुती शर्ट, पाण्याची बाटली. मार्च ते मे ऊन कडक, जून ते सप्टेंबर पाऊस, म्हणून नोव्हेंबर ते फेब्रुवारी बरा. आणि त्या दिवशी अत्तर लावू नका. चव घेताना तुमच्यासकट शेजाऱ्याच्या नाकाचीही वाट लागते.

६. शेतात

शेतात सकाळीच जा. ऊन चढायच्या आत आगावेच्या रांगा खरंच निळ्या दिसतात.

आगावे कापणाऱ्याला हिमादोर म्हणतात आणि त्याच्या हत्याराला कोआ: लांब दांडा आणि पुढे पोळीएवढं गोल, धारदार पातं. तो एका पायाने गड्डा अडवतो आणि पाती बुडापासून सपासप उडवतो. पाच-सहा मिनिटांत काट्यांच्या झुडपातून अननसासारखा पांढरा-हिरवा गोळा उरतो. त्याला पिन्या, अननसच म्हणतात. वजन साधारण ३० ते ७० किलो, कधी त्याहून जास्त.

ताज्या कापलेल्या पातीला किंवा पिन्याला उघड्या हाताने हात लावू नका. रसात सुरणासारखे खाजरे स्फटिक असतात. मी फोटोसाठी पिन्या मांडीवर घेतला आणि मनगटं दुपारपर्यंत चरचरत राहिली. अण्णा लांबूनच म्हणाले, "सुरण चिरताना आई हाताला काय लावायची ते विसरलास?" चिंच नव्हती, पण लिंबू ढीगभर होतं. मनगटांवर चोळत बसलो. माझ्या मते टकिलाच्या दौऱ्यात लिंबाचा तोच एक खरा उपयोग.

हिमादोरला प्रश्न विचारा, त्यांना आवडतं. अण्णांनी दुभाष्यामार्फत विचारलं, लागण केल्यावर किती वर्षांनी तोड? सहा ते आठ वर्षं. खोडवा येतो का? नाही. एकदा कापला की झाड संपलं. मग बियाणं? झाडाच्या बुडाला केळीसारखी पिल्लं फुटतात, ती काढून लावायची. तुरा येऊ देत नाहीत, कारण तुऱ्याला साखर गेली की पिन्यात काही राहत नाही. अण्णा जरा वेळ गप्प झाले. मग म्हणाले, "सात वर्षं थांबायचं आणि तोडणीच्या वर्षी भाव पडला तर?" त्यावर तो माणूस हसला, पण फार नाही. काही वर्षांपूर्वी किलोला ३० पेसोंच्या आसपास गेलेला आगावेचा भाव पुढे एक आकडी झाला. भाव चढा असताना सगळ्यांनी लावला आणि सगळ्यांचा एकदम तोडणीला आला. कांद्याचीच गोष्ट, फक्त सात वर्षं लांब.

७. भट्टीत काय बघायचं

आत शिरताना फोन बंद करायला सांगतात, निदान दारू गाळतात त्या भागात. अल्कोहोलची वाफ असते. वाद घालू नका.

*शिजवणं.* पिन्या अर्धे करून विटांच्या भट्टीत रचतात आणि दोन-तीन दिवस वाफेवर शिजवतात. घाई असेल तिथे पोलादी ऑटोक्लेव्ह, म्हणजे भलामोठा कुकर, त्यात काही तासांत काम होतं. सुरुवातीला गळणारा रस कडू म्हणून टाकून देतात. दार उघडल्यावर जो वास येतो तो मला शब्दांत पकडता येत नव्हता, अण्णांनी एका श्वासात सांगितला: "काहील उतरलीय." शिजलेल्या आगावेचा तुकडा हातावर देतात, तो नक्की घ्या, यात दारूचा थेंब नसतो. तपकिरी, तंतूमय, भाजलेल्या रताळ्यावर काकवी ओतावी तसा. चावून रस गिळायचा आणि चोथा थुंकायचा, ऊस खाल्ल्यासारखं. अण्णांनी तीन तुकडे खाल्ले.

*पिळणं.* बहुतेक ठिकाणी चरकासारखे रूळ आहेत. काही ठिकाणी ताओना, म्हणजे गोल दगडी खळग्यात फिरणारं प्रचंड दगडी चाक. किल्ल्यावर चुन्याचा घाणा पाहिलाय ना? अगदी तोच. पूर्वी बैल किंवा खेचरं ओढायची, आता बहुधा मोटर. राहिलेल्या चोयट्यांचं काय करता, हेही विचारा. आमच्या गुऱ्हाळात चिपाडं चुलाणात जातात, इथे खत आणि विटा.

*आंबवणं.* लाकडी किंवा पोलादी हौदांत रस फसफसत असतो. वाकून खोल श्वास घेऊ नका. कार्बन डायऑक्साइडचा असा झटका बसतो की डोळ्यांत पाणी येतं. हाताने वारा घालून वास घ्या.

*गाळणं.* निदान दोनदा. पहिल्या वेळी हलकी, गढूळसर दारू निघते, दुसऱ्या वेळी टकिला. सुरुवातीची आणि शेवटची धार बाजूला काढतात, मधली घेतात. 'पहिल्या धारेची' म्हणून आपल्याकडे मिशीला पीळ देतात, इथे पहिली धार आधी फेकतात.

साधारण सात किलो आगावेला एक लिटर टकिला. हा आकडा डोक्यात ठेवून पुढे दुकानात किमती बघा.

८. चव घेताना

भरल्या पोटी जा. रिकाम्या पोटी गेलात तर वरचं सगळं विसराल.

समोर तीन किंवा चार पेले येतात. क्रम असा: ब्लांको, म्हणजे लाकडी पिंपात न मुरलेली किंवा जेमतेम ठेवलेली, पाण्यासारखी. मग रेपोसादो, ओकच्या लाकडात किमान दोन महिने मुरलेली. मग आन्येहो, किमान एक वर्ष. तीन वर्षांच्या वर एक्स्ट्रा आन्येहो. उलट्या क्रमाने गेलात तर ब्लांकोची चव लागणारच नाही, आणि भट्टीची खरी परीक्षा ब्लांकोत आहे. तिथे लाकडाच्या आड लपता येत नाही.

पेला नाकाला चिकटवू नका. कडेशी नाक, तोंड किंचित उघडं, हलका श्वास. मग अगदी छोटा घोट, कॉफी पोळतेय असं समजून. तोंडभर फिरवा, गिळा आणि मग श्वास सोडा. वास त्या श्वासाबरोबर वर येतो. ब्लांकोत मला मिरी, ओली माती आणि मघाशी खाल्लेला तो रताळ्यासारखा तुकडा लागला. तुम्हाला दुसरं काही लागेल. दोन पेल्यांच्या मध्ये पाणी. नको असेल तर थुंकायला भांडं मागा, कोणी काही म्हणत नाही. सगळे पेले संपवायचे असतात हा गैरसमज मीच पहिल्या खेपेला करून घेतला होता.

मीठ-लिंबू मागू नका. वाइटाची चव झाकायला ते असतं, आणि तुम्ही चव बघायला आलाय. सोबत सांग्रिता मिळाली तर आलटून पालटून घ्या: टोमॅटो, संत्रं, मिरची, आंबटतिखट. न पिणाऱ्याने आग्वा दे हामाइका मागावं. लाल अंबाडीच्या फुलांचं सरबत आहे ते, अण्णांनी दोन पेले घेतले. आणि बाटलीतली ती अळी? ती टकिलात नसते. मेस्काल या आगावेच्याच दुसऱ्या दारूच्या काही बाटल्यांत घालतात.

९. जेवण

शाकाहारी असाल तर "सोय वेहेतारियानो, सिन कार्ने, सिन पोयो" (मी शाकाहारी, मांस नको, कोंबडी नको) पाठ करा. तरी राजमा डुकराच्या चरबीत शिजवलेला असू शकतो, त्यासाठी "सिन मांतेका" जोडा. माळकऱ्यांसाठी भाजलेलं कणीस, ग्वाकामोले म्हणजे अ‍ॅव्होकाडोची चटणी, चीजच्या केसादिया आणि मक्याच्या भाकऱ्या यांवर दिवस निघतो. कणसाला लिंबू-तिखट लावतात, त्यामुळे अण्णांना परकं वाटलंच नाही.

१०. बाटली घेताना

लेबलावर '१०० टक्के आगावे' लिहिलेलं असलंच पाहिजे. नसेल तर त्यात निम्म्यापर्यंत साखर दुसरीच, बहुधा उसाची. कायद्याला ५१ टक्के आगावे पुरतो.

दुसरं, नोम हा शिक्का आणि त्यापुढचा चार आकडी क्रमांक. तो भट्टीचा क्रमांक असतो. क्वेर्वोचा ११२२, फोर्तालेसाचा १४९३. एकाच क्रमांकाखाली पाच-दहा वेगवेगळ्या देखण्या बाटल्या दिसल्या, तर त्या एकाच भट्टीतून आल्यात. सोनेरी रंगाला भुलू नका, तो कॅरॅमलनेही येतो. आणि दारूचं प्रमाण वाचा: तीच बाटली मेक्सिकोत ३५ किंवा ३८ टक्क्यांची आणि अमेरिकेत ४० ची असू शकते.

११. घरी आणताना

सुटकेसमध्ये, कपड्यांत गुंडाळून. न उघडलेली बाटलीच चालते. २४ ते ७० टक्क्यांच्या दारूला माणशी ५ लिटरपर्यंत विमान कंपन्या परवानगी देतात, पण जकात वेगळी. भारतात मोठ्या माणसाला २ लिटर जकातमुक्त. अमेरिकेत १ लिटर, आणि वय २१ हवं. जास्त असेल तर सांगा आणि शुल्क भरा.

अमेरिकेतून विमान बदलून भारतात जाणाऱ्यांसाठी फास इथे आहे. ग्वादालाहारा विमानतळावर सुरक्षा तपासणीनंतर घेतलेली बाटली हातात असते. अमेरिकेच्या पहिल्या विमानतळावर सामान ताब्यात घेऊन पुन्हा द्यावं लागतं, तेव्हाच ती सुटकेसमध्ये सरकवा. तशीच हातात घेऊन पुढच्या तपासणीला गेलात तर सोडून द्यावी लागू शकते. माझ्यापुढच्या माणसाची गेली, तीन वर्षं मुरलेली.

झाडाचं पिल्लू मात्र आणू नका. अण्णांनी शेतातून एक छोटंसं पिल्लू वर्तमानपत्रात गुंडाळलं होतं, गावच्या बांधावर लावायला. रोपं, माती परवान्याशिवाय विमानतळावर अडवतात हे त्यांना हॉटेलवर समजावताना माझी दमछाक झाली. शेवटी त्यांनी ते हॉटेलच्या माळ्याला देऊन टाकलं आणि लावताना खड्डा किती खोल घ्यायचा हे त्याला खुणांनी पंधरा मिनिटं सांगत बसले.